मशीन नवं आणलं, विकत घेतलेले गेम कुठे गेले?

पावसाळा सुरू झाला की या सदराकडे दोन प्रकारचे मेसेज वाढतात, एक राउटर उडाल्याचे आणि दुसरे गेमिंग कन्सोल उडाल्याचे. राउटरवाल्यांना उत्तर एका ओळीत देता येतं, नवा घ्या. कन्सोलवाल्यांचं तसं नाही, कारण डबा पाऊण लाखाचा नसला तरी आत ऑनलाइन घेतलेले गेम धरले तर रक्कम कुठच्या कुठे जाते. म्हणून या वेळी सगळे प्रश्न तेच घेतलेत.

प्रश्न : नमस्कार दादा, आमच्याकडे पीएस४ (प्लेस्टेशन ४) स्लिम होता. मागच्या महिन्यात वीज कडाडली आणि तो गेला, एचडीएमआय पोर्टसकट बोर्ड जळालंय असं रिपेअरवाला म्हणाला. पोरांनी घर डोक्यावर घेतलं म्हणून यांनी पीएस५ आणला, डिस्क न घालायचा, तो जरा स्वस्त पडला. आता मोठ्या मुलाने ऑनलाइन घेतलेले गेम नव्यावर दिसतच नाहीत, दुकानदार म्हणतो मशीन बदललं की गेम परत घ्यावे लागतात. खरंय का? धाकट्याचं अकाउंट वेगळं आहे, त्याला खेळता येतील का? आणि डिस्कवाले पण चार-पाच गेम आहेत. – एक आई, नाशिक

उत्तर : ताई, अजिबात परत घेऊ नका. दुकानदाराला गेम विकायचेत म्हणून तो तसं म्हणत असेल किंवा त्याला खरंच माहीत नसेल, पैसे दोन्हीकडून तुमचेच जाणार. प्लेस्टेशनवर ऑनलाइन घेतलेला गेम मशीनच्या नावावर नसतो, अकाउंटच्या नावावर असतो. जमीन कसतंय कोण हे बघायचं नाही, सातबाऱ्यावर नाव कुणाचं ते बघायचं, तसलाच प्रकार.

तर मग दिसत का नाहीत? बहुतेक वेळा कारण एकच असतं, नवं मशीन लावताना कुणीतरी घाईघाईत नवीन अकाउंट उघडलेलं असतं. दुकानात 'सेटअप करून देतो' म्हणणारा पोरगा हटकून हेच करतो, स्वतःच्याच फोनवर एक इमेल आयडी बनवतो आणि मोकळा होतो. नव्या अकाउंटवर खरेदी शून्य, त्यामुळे लायब्ररी रिकामी. म्हणून आधी घरातल्या सगळ्यांच्या इमेलमध्ये प्लेस्टेशनच्या जुन्या पावत्या शोधा, ज्या आयडीवर पावत्या आल्यात तेच मोठ्याचं खरं अकाउंट. त्यानेच पीएस५ वर साइन इन करायचं. मग होम स्क्रीनवर उजवीकडे सरकत अगदी शेवटी गेलात की गेम लायब्ररी लागते, आणि इथे अजून एक गंमत, तिथे 'इन्स्टॉल्ड' असा वेगळा भाग असतो आणि 'युअर कलेक्शन' असा वेगळा, लोक इन्स्टॉल्डमध्ये बघतात आणि काहीच नाही म्हणून डोक्याला हात लावतात. विकत घेतलेलं सगळं युअर कलेक्शनमध्ये असतं. पीएस४ चे बहुतेक सगळे गेम पीएस५ वर चालतात, तिथूनच डाउनलोडला लावायचे.

धाकट्याचं आता. सेटिंग्जमध्ये 'यूजर्स अँड अकाउंट्स', त्यात 'अदर', त्यात 'कन्सोल शेअरिंग अँड ऑफलाइन प्ले' असं एक बटण आहे, ते मोठ्याच्या अकाउंटवरून ऑन करायचं. पहिल्यांदा साइन इन करताना मशीन स्वतःहूनही विचारतं, पण तेव्हा न वाचता पुढे पुढे दाबत जाणारेच जास्त. ते ऑन असलं की त्या मशीनवरचा कुठलाही यूजर मोठ्याचे गेम स्वतःच्या अकाउंटवरून खेळू शकतो, आणि नेट गेलेलं असलं तरी गेम उघडतो. ऑफ असलं तर मोठा साइन इन असताना त्याचे चालतात आणि धाकट्याला गेमच्या चित्रावर कुलूप दिसतं. तेच कुलूप मोठ्याच्याही अकाउंटवर दिसत असेल तर त्याच 'अदर' मध्ये 'रिस्टोअर लायसन्सेस' आहे, ते एकदा चालवा, बरीचशी कुलपं तिथेच उघडतात. नाहीच उघडलं तर तो गेम प्लेस्टेशन प्लसमध्ये महिन्याला मिळणाऱ्यांपैकी आहे का बघा. ते गेम लायब्ररीत दिसत राहतात पण वर्गणी बंद असेपर्यंत चालत नाहीत, त्याला विकत घेणं म्हणता येत नाही, मुलांनी काहीही सांगितलं तरी.

तुमचा जळालेला पीएस४ त्या अकाउंटचा प्रायमरी, म्हणजे मुख्य मशीन म्हणून नोंदलेला असणार, पण त्याने पीएस५ ला काही अडत नाही, दोन्हींची नोंद वेगवेगळी राहते. बदल्यात दुसरा पीएस४ च आणला असता तर मात्र 'दुसरं मशीन प्रायमरी आहे' म्हणून अडलं असतं, जुनं तर चालू होत नाही मग त्याची नोंद काढणार कशी. त्याला अकाउंटच्या वेबसाइटवरून सगळी मशीन एकदम डिअॅक्टिव्हेट करायची सोय आहे, फक्त ती सहा महिन्यांतून एकदाच वापरता येते, त्यामुळे उगाच करून बघू म्हणून दाबायचं नाही.

डिस्कवाल्या गेमचं वाईट वाटेल असं उत्तर आहे. डिस्कवरून इन्स्टॉल केलेला गेम असला तरी दर वेळी खेळताना डिस्क आतच लागते, आणि तुमच्या मशीनला डिस्क घालायची जागाच नाही. डिस्कवरचा गेम अकाउंटवर 'डिजिटल करून' वगैरे मिळत नाही, दुकानदार करून देतो म्हणाला तर त्याचं पुढचं वाक्य नीट ऐका. २०२३ च्या शेवटी आलेल्या नव्या बारीक मॉडेलला डिस्क ड्राइव्ह वेगळा विकत घेऊन बाजूला बसवता येतो, जोडताना एकदा इंटरनेट लागतं. त्याआधीच्या डिजिटल मॉडेलला तेही नाही. यांनी कुठलं आणलंय ते खोक्यावर बघा आणि मग त्या चार-पाच डिस्कांसाठी ड्राइव्हचे पैसे घालायचे का त्या विकून टाकायच्या ते घरात ठरवा. मी असतो तर विकल्या असत्या.

आता जे मुलांनी तुम्हाला अजून सांगितलं नसेल ते, म्हणजे सेव्ह. गेम परत मिळतो पण खेळून गेलेली लेव्हल, टीम, करिअर हे सगळं वेगळ्या फाइलमध्ये असतं आणि ती फाइल पीएस४ च्या आतल्या हार्ड डिस्कवर असते. प्लसची वर्गणी चालू होती आणि ऑटो अपलोड बंद केलेलं नव्हतं तर क्लाउडवर असेल, पीएस५ वर उतरवून घ्या. नव्हती तर हार्ड डिस्क काढून दुसऱ्या मशीनला जोडू असं रिपेअरवाला सुचवेल, त्यात पडू नका. आतली डिस्क त्या त्या मशीनपुरती एन्क्रिप्ट केलेली असते, दुसरा पीएस४ तिला फॉरमॅट केल्याशिवाय घेतच नाही. बोर्ड दुरुस्त होऊन तेच मशीन एकदा जरी चालू झालं तर पेनड्राइव्हवर सेव्ह काढता येतील, पेनड्राइव्ह एक्सफॅट किंवा फॅट३२ ला फॉरमॅट केलेला हवा. चांगला चिप लेव्हलवाला नाशकात असेल आणि मुलाचा जीव त्या सेव्हमध्ये अडकलेला असेल तर तेवढ्यासाठी दुरुस्ती करणं मला तरी वेडेपणा वाटत नाही.

बाहेरून लावलेली यूएसबी हार्ड डिस्क मात्र असेल तर सरळ पीएस५ ला जोडा, पीएस४ चे गेम त्यावरून तसेच चालतात, परत डाउनलोड नको. ती नसेल तर आजकाल एकेक गेम ८० ते १०० जीबीचा असतो, ४० एमबीपीएसच्या लाइनवर १०० जीबीला साडेपाच-सहा तास धरून चला. मोबाइलच्या हॉटस्पॉटवर रोज दोन जीबीने करायला गेलात तर तेवढ्याच गेमला ५० दिवस लागतील. एक आवडता गेम आधी लावा, बाकीचे रात्री.

प्रश्न : सर, मी एका पेजवरून पीएस५ चे गेम घेतले होते, ओरिजिनलच, पण किंमत चौथा हिस्सा. ते आयडी पासवर्ड देतात, आपण साइन इन करून गेम टाकायचा आणि मग आपल्याच आयडीवर खेळायचं. माझं मशीन वॉरंटीत बदलून मिळालं, आता सगळ्या गेमना कुलूप. विकणारा म्हणतो प्रायमरी स्लॉट संपला. लायसन्स रिस्टोअर कसं करू? – नाव नको, पिंपरी

उत्तर : रिस्टोअर होणार नाही, कारण रिस्टोअर करण्यासारखं तुझ्या नावावर काही नाहीये. वर ताईंना जे शेअरिंगचं बटण सांगितलं ना, त्याच्यावरच हा सगळा धंदा उभा आहे. तो माणूस एका अकाउंटवर गेम घेतो, एका गिऱ्हाइकाच्या मशीनवर शेअरिंग ऑन करून 'प्रायमरी' म्हणून महाग विकतो, दुसऱ्याला तोच आयडी 'सेकंडरी' म्हणून स्वस्त. तुझ्या जुन्या मशीनवर त्या अकाउंटचं शेअरिंग ऑन होतं, ते मशीन कंपनीकडे गेलं, आता नव्यावर ऑन करायला त्याच्या अकाउंटचा पासवर्ड लागणार आणि तो त्याने केव्हाच बदललाय. वरून कंपनीच्या नियमात अकाउंट विकणं बसत नाही, त्यामुळे कस्टमर केअरला फोन केलास तर ते खऱ्या मालकाचं म्हणणं ऐकतील, तुझं नाही, आणि अकाउंटच बंद झालं तर दोघांचंही गेलं.

विकणाऱ्याशी गोड बोलून एकदा ऑन करून दे म्हण, काही जण देतात. नाही दिलं तर पैसे विसर. तुझ्या स्वतःच्या आयडीवरच्या ट्रॉफी तुझ्याच आहेत, त्या जात नाहीत, आणि सेव्ह प्लसच्या क्लाउडवर गेलेले असतील तर पुढे कधी सेलमध्ये गेम खरा घेतलास की तिथूनच पुढे चालू होईल. सेल बऱ्याचदा लागतात, सहा महिने जुना गेम बघता बघता अर्ध्यावर येतो.

प्रश्न : माझा निन्टेंडो स्विच मांडवी एक्सप्रेसमध्ये राहिला, मिळाला नाही. मामा टोरंटोहून येताना दुसरा आणतोय. जुन्यातलं मेमरी कार्ड योगायोगाने माझ्याकडे आहे, कारण मी ते नुकतंच मोठं घालायला काढलं होतं. ते नव्यात घातलं की झालं ना? – मडगाव

उत्तर : नाही रे, कार्ड घालून काही होणार नाही. स्विचचं मायक्रोएसडी कार्ड ज्या मशीनवर भरलं त्याच मशीनवर चालतं, नव्यात घातलंस की आतला गेमचा डेटा काढून परत डाउनलोड करावा लागतो. आणि सेव्ह तर कार्डवर कधीच नसतात, ते मशीनच्या आत. म्हणजे तुझ्याकडे जे राहिलंय ते सगळ्यात कमी कामाचं.

कामाचं आहे ते तुझं निन्टेंडो अकाउंट. निन्टेंडो आपल्याकडे अधिकृतपणे विकलाच जात नाही, इथले सगळे स्विच असेच मामा-काकांच्या बॅगेतून किंवा ग्रे मार्केटमधून येतात, आणि गेम घ्यायला अमेरिकेचं नाहीतर दुसऱ्या कुठल्या देशाचं अकाउंट करून प्रीपेड कार्ड भरायची पद्धत आहे. तुझंही तसंच असणार. मशीन टोरंटोचं आणि अकाउंट अमेरिकेचं असलं तरी काही बिघडत नाही, स्विचला रीजन लॉक, म्हणजे देशाप्रमाणे कुलूप, नाही. नव्यावर तेच अकाउंट जोड, ईशॉप म्हणजे निन्टेंडोचं ऑनलाइन दुकान उघड, कोपऱ्यात तुझ्या चित्रावर दाबलंस की रीडाउनलोडची यादी येते. हरवलेल्या मशीनवर अकाउंट अजून चिकटलेलं आहे, तर आजच्या आज कॉम्प्युटरवरून पासवर्ड बदल आणि अकाउंटच्या साइटवरून त्या मशीनची नोंद काढून टाक. मामाची वाट बघत बसू नकोस, अकाउंटला बँकेचं कार्ड जोडून ठेवलेलं असेल तर ज्याला मशीन सापडेल तो खरेदी करू शकतो.

सिस्टमचं नवं अपडेट असेल तर 'व्हर्च्युअल गेम कार्ड' असं काहीतरी दिसेल, २०२५ च्या एप्रिल अखेरीस हे आलं. डिजिटल गेमसुद्धा काडतुसासारखा एका मशीनमधून काढून दुसऱ्यात 'लोड' करायचा. नाव ऐकून घाबरू नको.

सेव्हचं म्हणशील तर निन्टेंडो स्विच ऑनलाइनची वर्गणी होती का? असेल तर बहुतेक गेमचे सेव्ह क्लाउडवर आहेत, आणि वर्गणी संपली असली तरी १८० दिवसांच्या आत परत भरलीस तर ते मिळतात. बहुतेक म्हटलं कारण काही गेम मुद्दाम क्लाउडला नाही म्हणतात. पोकेमॉन स्वोर्ड-शील्ड आणि स्कार्लेट-व्हायोलेट त्यातलेच, का तर लोक सेव्ह मागे नेऊन दुर्मिळ पोकेमॉन दुप्पट करतील म्हणून. पोकेमॉन होम या ऑनलाइन साठ्यात हलवून ठेवलेले तेवढे वाचले, बाकीचे गाडीतून गेले. अॅनिमल क्रॉसिंगचं अजून निराळं. त्यात २०२० च्या जुलैत बेटाचा बॅकअप आला, हरवलेल्या-बिघडलेल्या मशीनसाठीच, पण तो गेममध्ये जाऊन आधी चालू करून ठेवावा लागतो. केला असशील तर नव्या मशीनवर गेम पहिल्यांदा उघडतानाच बेट परत आणायचा पर्याय येतो, तेव्हा घाईत नवीन बेट सुरू करून बसू नकोस.

प्रश्न : काका, तुम्हाला आठवत असेल, एक्सबॉक्स ३६० चे लाल दिवे. माझं पहिलं त्यातच गेलं, नंतर मित्राचं घेतलं. परवा माळ्यावरून काढलं तर ऑनलाइन घेतलेले गेम नेट चालू असताना पूर्ण चालतात आणि नेट काढलं की ट्रायल होतात. आणि निन्टेंडोचा वी कन्सोल पण आहे एक बंद पडलेला, त्यातल्या गेमचं काय? – कोल्हापूर

उत्तर : आठवतंय म्हणजे काय! पॉवरच्या बटणाभोवती तीन लाल दिवे पेटले की संपलं. लोक मशीनला टॉवेल गुंडाळून तापवायचे, त्याने तासभर चालायचं आणि लोकांना वाटायचं दुरुस्त झालं, नंतर कायमचं बसायचं. २००७ च्या जुलैत मायक्रोसॉफ्टने त्यासाठी वॉरंटी तीन वर्षांची केली आणि एक अब्ज डॉलरच्या वर खर्च बाजूला काढला. डबे बदलून मिळाले, आणि मग लोकांना तुझाच प्रॉब्लेम यायला लागला.

कारण असं की ३६० वर गेम घेतला की लायसन्स दोन ठिकाणी लागायचं, एक तुझ्या प्रोफाइलला आणि एक ज्या मशीनवर घेतला त्या मशीनला. मशीनचं लायसन्स असल्यामुळे घरातला कुणीही आणि नेट नसतानाही खेळायचा. मशीन मेलं की तो भाग त्याच्याबरोबर गेला, प्रोफाइलचा तेवढा उरला, आणि तो तपासायला नेट लागतं. नेट काढलं की ट्रायल होतो तो यामुळे, गेम खराब झालेला नाही. यावर २००८ मध्ये कंपनीने लायसन्स ट्रान्सफर आणलं, सगळी लायसन्स एका झटक्यात नव्या मशीनवर, पुढे ते चार महिन्यांतून एकदा करता यायचं. मशीनच्या अकाउंट सेटिंग्जमध्ये बिलिंगच्या आसपास शोध, आणि ट्रान्सफर झाल्यावर प्रत्येक गेम एकदा परत डाउनलोडला लावायचा, वरच्यावर होतो. ३६० चं दुकान २९ जुलै २०२४ ला बंद झालं, नवीन काही घेता येत नाही, पण घेतलेलं उतरवता येतं. ते करायचं असेल तर दिवाळीची वाट बघू नको. आणि घरात एक्सबॉक्स वन किंवा सिरीजवाला असेल तर त्यावर तोच गेमरटॅग (एक्सबॉक्सचं अकाउंट) टाकून बघ, ३६० चे जे गेम तिकडे चालतात ते फुकट लायब्ररीत येतात.

वीचं सोड. त्याची लायसन्स माणसाला नव्हतीच, पूर्ण मशीनला. बंद पडला तर निन्टेंडोच्या रिपेअरवाल्याने हलवून दिली तरच, तेही तेव्हा. दुकान ३० जानेवारी २०१९ ला बंद झालं. डिस्क असतील तर दुसरा जुना वी शोध, बाजारात भंगाराच्या भावात मिळतो.

प्रश्न : एक्सबॉक्स सिरीज एस वॉरंटीत बदलून मिळतोय. काय काय करून ठेवू? – सोलापूर

उत्तर : तुझं सगळ्यात सोपं. सेव्ह आपोआप क्लाउडवर जातात, त्याला वर्गणीही लागत नाही, फक्त मशीन देण्याआधी एकदा नेटवर चालू ठेवून सिंक होऊ दे. नव्यावर साइन इन, 'माय होम एक्सबॉक्स' (म्हणजे हेच माझं मुख्य मशीन) ऑन, बस. ते वर्षातून पाच वेळा बदलता येतं. जुनं देताना रीसेट मार. गेम पासचे, म्हणजे वर्गणीवर खेळायला मिळणारे गेम तुझे नाहीत हे माहीत असेलच.

प्रश्न : मी पुण्याहून न्यू जर्सीला आले, पीएस५ सामानात फुटला म्हणून इथे नवा घेतला. अकाउंट भारतातलं. पासवर्ड बरोबर आहे पण कोड जातो पुण्याच्या नंबरवर आणि ते सिम मी बंद केलंय. गेम गेले का? आणि अकाउंट अमेरिकेचं करून घेऊ का? – एडिसन

उत्तर : गेले नाहीत, दाराबाहेर उभ्या आहात इतकंच. टू स्टेप, म्हणजे पासवर्डनंतर कोड मागणं, चालू केलं तेव्हा बॅकअप कोडची यादी दिली होती, बऱ्याच जणांनी तिचा स्क्रीनशॉट काढलेला असतो आणि विसरलेला असतो, जुन्या फोनच्या गॅलरीत आणि गुगल फोटोजमध्ये शोधा. एक कोड सापडला की आत जाऊन नंबर बदला, किंवा नंबरची भानगडच नको, ऑथेंटिकेटर अॅप लावा.

नाही सापडला तर सपोर्टशी बोलावं लागेल, आणि तिथे तुम्ही कोण हे सांगून चालत नाही, सिद्ध करावं लागतं. फुटलेल्या मशीनचा सिरियल नंबर, इमेलमधल्या पावत्यांवरचे ट्रान्झॅक्शन नंबर, साइन इन आयडी हे जुळवून मग फोन करा. सिरियल नंबर मशीनवरही असतो आणि खोक्यावरही, पुण्यात खोकं माळ्यावर असेल तर आईला फोटो पाठवायला सांगा. तोवर फुटलेलं मशीन कचऱ्यात टाकू नका.

देश बदलता येत नाही, अकाउंट उघडताना जो घातला तो कायमचा. भारतातलं अकाउंट तिकडच्या मशीनवर मजेत चालतं, घेतलेले सगळे गेम उतरतात. अडचण फक्त नवीन खरेदीची, भारतातल्या दुकानाला तिकडचं कार्ड चालेलच असं नाही. बरेच जण दोन अकाउंट ठेवतात, जुनं जुन्या गेमला आणि नवं अमेरिकेचं पुढच्या खरेदीला, दोन्ही एकाच मशीनवर. फक्त तिकडे घेतलेला अॅड-ऑन, म्हणजे गेमला वरून घ्यायची भर, इकडच्या अकाउंटवरच्या गेमला लागत नाही. गेम ज्या देशाचा, अॅड-ऑन त्याच देशाचा लागतो, डिस्कलाही हेच लागू. म्हणजे भावाने इथून डिस्क पाठवली तर तिचे अॅड-ऑन जुन्या अकाउंटवरूनच घ्या.